मसालेदार आफ्टरशेव्ह: ओल्ड स्पाइसचा गंध आणि त्याचा योग्य वापर

ओल्ड स्पाइस हे मसालेदार गंधाच्या आफ्टरशेव्हचे सर्वांत परिचित उदाहरण आहे. विल्यम लाइटफूट शुल्ट्झ यांनी १९३४ साली न्यूयॉर्कमध्ये शुल्टन ही साबण व प्रसाधनांची कंपनी काढली. १९३७ मध्ये तिने ‘अर्ली अमेरिकन ओल्ड स्पाइस’ या नावाने स्त्रियांसाठी प्रसाधने आणली आणि १९३८ मध्ये त्याच नावाने पुरुषांसाठी दाढीचा साबण व आफ्टरशेव्ह बाजारात आले. सुकवलेल्या पाकळ्या आणि मसाले एका भांड्यात एकत्र ठेवून घरात सुवास दरवळत ठेवायचा, अशी पद्धत अमेरिकेतील घरांत होती. शुल्ट्झ यांच्या आईच्या अशाच मिश्रणावरून हा गंध सुचला. वेष्टनासाठी अमेरिकेच्या जुन्या काळाचा विषय घेतला गेला, म्हणून बाटलीवर शिडाची जहाजे आली. त्यांतले ‘ग्रँड टर्क’ हे मॅसॅच्युसेट्समधील सेलम बंदराचे जहाज १७८६ मध्ये चीनमधील कँटनला पोहोचले होते. पूर्वेकडच्या मिरीच्या व्यापारावर पुढे सेलमची भरभराट झाली, त्यामुळे मसाल्याच्या गंधाशी हे चित्र चांगले जुळते.

शुल्टन कंपनी १९७१ मध्ये अमेरिकन सायनामिडकडे गेली आणि १९९० मध्ये ओल्ड स्पाइस हे नाव प्रॉक्टर अँड गँबलने घेतले. भारतात विकले जाणारे ओल्ड स्पाइस अनेक वर्षे गोव्यातील कोलफॅक्स लॅबोरेटरीज या कारखान्यात तयार होत असे. ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर लाटांवर स्वार होणारा तरुण आणि कार्ल ऑर्फच्या ‘कार्मिना बुराना’तील समूहगान अशी त्याची जाहिरात लागायची, ती त्या पिढीच्या अजून लक्षात आहे. अमेरिकेत हे आफ्टरशेव्ह पुढे प्लॅस्टिकच्या बाटलीत येऊ लागले आणि जुन्या चाहत्यांना त्याचा गंधही बदलल्यासारखा वाटला. त्यांतले काही जण मुद्दाम भारतातली काचेची बाटली मागवत.

हा गंध ओळखायचा असेल तर स्वयंपाकघरातला मसाल्याचा डबा पुरेसा आहे. दोन लवंगा, दालचिनीचा एक तुकडा, किसलेले जायफळ आणि एक चक्रीफूल निरनिराळ्या वाट्यांत ठेवावे. शेजारी संत्र्याची ताजी साल आणि व्हॅनिला इसेन्सचा एक थेंब टाकलेला कापूस ठेवावा. एकेक वास सावकाश घ्यावा, मधूनमधून स्वतःच्या मनगटाचा किंवा कोपराचा वास घेऊन नाकाला विश्रांती द्यावी आणि मग तळहातावर घेतलेल्या आफ्टरशेव्हमध्ये तेच वास शोधावेत. एकदा असे केले की ‘मसालेदार’ या मोघम शब्दामागे नेमके काय आहे ते नाकाला कळते आणि पुढे दुकानात दुसरी बाटली पारखतानाही ते उपयोगी पडते.

बाटलीतून तळहातावर घेताच नाकाला पहिला जाणवतो तो अल्कोहोलचा भपका. तो अर्ध्या मिनिटात ओसरतो आणि संत्रे-लिंबाच्या सालीचा चटपटीत वास पुढे येतो. त्यात धुतलेल्या कपड्यांची आठवण देणारी एक स्वच्छ, किंचित साबणासारखी छटाही असते. ती आल्डिहाइड गटातील द्रव्यांची. चक्रीफुलाची बडीशेपेसारखी गोडसर चाहूल याच वेळी लागते. पाच-सात मिनिटांत मसाले पुढे येतात. दालचिनी आणि जायफळ लगेच ओळखू येतात, पण या गंधाचा खरा कणा कार्नेशनच्या फुलाचा आहे. कार्नेशनच्या वासात लवंगेचा अंश उपजतच असतो, त्यामुळे इथे फूल आणि मसाला वेगळे काढता येत नाहीत. ओल्ड स्पाइस बोचरे न वाटता ऊबदार वाटते ते यामुळेच. अर्ध्या तासाने व्हॅनिला, टोंका बियांचा वाळल्या गवतासारखा गोडवा, धुपासारखी राळ आणि कस्तुरीच्या जातीची मऊ पावडर एवढेच त्वचेवर उरते.

हा क्रम ठरतो तो प्रत्येक द्रव्य किती लवकर उडते त्यावर. संत्र्याच्या सालीतील लिमोनीन १७६ अंश सेल्सिअसला उकळते, लवंगेतील युजेनॉल २५४ अंशांना आणि व्हॅनिलिन २८५ अंशांच्या आसपास. ज्याचा उत्कलनबिंदू कमी ते द्रव्य साधारणपणे त्वचेच्या उबेनेही आधी निघून जाते, जड द्रव्य मागे राहते. दुकानात बाटली उघडून नाकाशी धरली आणि लगेच मत बनवले, तर ते मत फक्त अल्कोहोल आणि संत्र्याबद्दलचे असते. कागदाच्या पट्टीवर किंवा मनगटावर घेऊन निदान वीस मिनिटे थांबावे आणि मगच विकत घ्यायचे की नाही ते ठरवावे. काहींना हा वास दंतवैद्याच्या दवाखान्याची आठवण देतो. त्याला कारण आहे: लवंगेच्या तेलात ७० ते ९० टक्के युजेनॉल असते आणि दातांत भरण्याच्या तात्पुरत्या सिमेंटमध्येही तेच वापरतात.

मसालेदार आफ्टरशेव्हचे दुसरे मोठे घराणे वेस्ट इंडीजमधील ‘बे रम’चे. तिथल्या पिमेंटा रेसमोसा या झाडाच्या पानांच्या तेलातही युजेनॉल भरपूर असते. एकोणिसाव्या शतकात सेंट थॉमस बेटावरून बे रमचा मोठा व्यापार चालत असे. हे पान भारतीय तमालपत्राहून वेगळे आहे. ‘बे’ या इंग्रजी नावाच्या साम्यामुळे गल्लत होते. बे रम कोरडे, तिखट आणि सरळ असते, त्यात व्हॅनिलाचा गोडवा जवळजवळ नसतो. लवंग आवडते पण गोड वास नको, अशा माणसाने ओल्ड स्पाइसपेक्षा बे रम पाहावे.

आता त्वचेचा प्रश्न. पारंपरिक आफ्टरशेव्ह म्हणजे मुख्यतः अल्कोहोल आणि पाणी, थोडे ग्लिसरिनसारखे ओलावा धरणारे द्रव्य आणि काही टक्के सुगंध. पर्फ्यूममध्ये सुगंधी द्रव्याचे प्रमाण याच्या कितीतरी पट असते, म्हणून आफ्टरशेव्हचा वास एक ते तीन तास टिकला तर तो पुरेसा समजावा. तो दिवसभर टिकावा म्हणून जास्त लावण्यात अर्थ नाही. तसे केल्याने फक्त अल्कोहोल जास्त लागते.

पाते केस कापताना त्वचेच्या सर्वांत वरच्या मृत पेशींचा थरही थोडा खरवडून काढते. त्यावर अल्कोहोल पडले की आग होते. उष्णता जाणवून देणारा एक संवेदक त्वचेतील चेतातंतूंवर असतो. तो एरवी सुमारे ४२ अंशांना जागा होतो, पण अल्कोहोलमुळे ही मर्यादा ३४ अंशांपर्यंत खाली येते. म्हणजे शरीराची स्वतःची ऊबच त्याला भाजल्यासारखी वाटते. झोंबले म्हणजे जंतू मेले किंवा औषध लागू पडले, हा समज मुळातूनच सोडून द्यावा. झोंबणे एवढेच सांगते की पात्याने त्वचा किती सोलली. दाढी नीट झालेली असेल तर क्षणभर चुरचुरते आणि थांबते. मिनिटभराहून जास्त वेळ आग होत असेल तर आफ्टरशेव्ह बदलण्याआधी दाढी करण्याची पद्धत बदलावी.

या एका गोष्टीवर भर देण्यासारखा आहे, कारण बहुतेक तक्रारी बाटलीविषयी केल्या जातात आणि दोष असतो पात्याचा किंवा घाईचा. दाढी आंघोळीनंतर करावी, किंवा गालांवर कोमट पाण्यात पिळलेला रुमाल दोन मिनिटे ठेवावा. भिजलेला केस मऊ होतो आणि सहज कापला जातो. फेस ब्रशने गोल फिरवून खुंटांच्या मुळाशी पोहोचवावा. पहिला हात केसांच्या दिशेने फिरवावा. उलटा हात मारायचाच असेल तर पुन्हा फेस लावून, हलक्या हाताने आणि मानेवर शक्यतो नाही. मानेवरचे केस भोवऱ्यासारखे निरनिराळ्या दिशांना वाढतात आणि उलट्या हाताने कापलेली टोके त्वचेत शिरून पुळ्या येतात. पाते ओढू लागले की ते फेकावे. आणखी एका दाढीपुरते वाचवू नये.

दाढी झाल्यावर चेहरा थंड पाण्याने भरपूर धुवावा, साबणाचा अंशही राहू देऊ नये. कुठे बारीक कापले असेल तर ओल्या तुरटीचा खडा तिथे टेकवावा, अर्धे मिनिट थांबावे आणि पुन्हा धुवावे. तुरटी रक्त थांबवते आणि त्वचा आकसते. मात्र तुरटी आणि अल्कोहोल एकामागून एक भरपूर लावले तर चेहरा ताणल्यासारखा कोरडा पडतो. रोज दाढी करणाऱ्याने तुरटी कापलेल्या जागेपुरतीच ठेवावी. नंतर टॉवेलने टिपून घ्यावे, पुसू नये. त्वचेवर किंचित ओल राहिली तर उत्तम, कारण त्या पाण्याने अल्कोहोल सौम्य होते.

ओल्ड स्पाइसच्या बाटलीच्या तोंडाशी बारीक छिद्राचे बूच असते, त्यामुळे ती ओतायची नसते, तळहातावर झटकायची असते. तीन-चार झटक्यांत येते तेवढे, म्हणजे पाव चहाचा चमचा, पूर्ण चेहऱ्याला पुरते. दोन्ही तळहात एकमेकांवर एकदा फिरवावेत, आधी मानेवर आणि मग जबड्यावरून गालांकडे हलकेच थोपटावे. चोळण्याची गरज नाही. डोळे, ओठ आणि नाकपुड्यांच्या कडा टाळाव्यात. उघड्या जखमेवर आणि फुटलेल्या पुळीवर लावू नये. या मापाने १०० मिलीलिटरची बाटली सुमारे ऐंशी दाढ्यांना पुरते. ती महिन्याभरात संपत असेल तर हात सैल पडतो आहे. स्प्रेची बाटली असेल तर थेट तोंडावर फवारू नये, तळहातावर घ्यावे.

लावल्यावर मिनिटभर गॅसच्या शेगडीजवळ, निरांजनाजवळ किंवा पेटत्या काडीजवळ जाऊ नये. हे द्रव पेट घेणारे आहे. सकाळी दाढी करून लगेच देवपूजेला बसणाऱ्या घरांत ही सूचना विशेष लक्षात ठेवावी.

अल्कोहोल उडाले की त्वचा कोरडी वाटते, म्हणून दोन-तीन मिनिटांनी बिनवासाचे मॉइश्चरायझर बोटभर लावावे. विदर्भातील किंवा देशावरील थंडीत याला पर्याय नाही. कोकणात आणि मुंबईत उलट अडचण येते. दमट हवेत त्वचा मुळात कोरडी पडत नाही, पण घाम आणि उकाड्यात व्हॅनिलाचा गोडवा फुगतो आणि लोकलच्या गर्दीत शेजाऱ्याला नकोसा होतो. एप्रिल-मेमध्ये नेहमीच्या निम्मे घ्यावे, किंवा फक्त संध्याकाळी वापरावे. हा गंध मुळात थंड हवेचा आहे. पावसाळा सरल्यापासून होळीपर्यंत तो सर्वांत छान उमलतो, हे अनुभवाने कोणालाही पटेल.

सोबत दुसरा तीव्र सुवास नको. चंदनाची पावडर किंवा चंदनी साबण ओल्ड स्पाइसशी जुळतो, कारण दोन्ही ऊबदार आणि मऊ आहेत. मोगऱ्याचे अत्तर किंवा ‘समुद्री’ वासाचा डिओडरंट मात्र त्याच्याशी भांडतो. ज्याला अत्तर लावायचेच आहे त्याने आफ्टरशेव्ह बिनवासाचे निवडावे. लग्नासमारंभाला जाताना हे आधीच ठरवलेले बरे.

सलूनमध्ये दाढी झाल्यावर कारागीर आफ्टरशेव्ह उदारपणे थापतो आणि गिऱ्हाइकाला त्यामुळे निर्धास्त वाटते. पण कावीळ ब आणि क यांचे विषाणू वापरलेल्या पात्यावरील रक्तातून पसरतात. कापलेल्या गालावर नंतर थोपटलेले अल्कोहोल त्यापासून संरक्षण देत नाही. आपल्यासमोर नवे पाते फोडून वस्तऱ्यात बसवले जाते की नाही, एवढे पाहावे. एकच तुरटीचा खडा सगळ्यांच्या गालांवरून फिरत असेल तर नको म्हणावे. त्यात संकोच वाटण्याचे कारण नाही. चांगला कारागीर राग मानत नाही.

काही त्वचांना मसालेदार आफ्टरशेव्ह मुळीच मानवत नाही. ज्यांना इसब आहे, चेहरा एरवीच लाल होतो, किंवा मुरमांसाठी ट्रेटिनॉइन, अडापलीन, बेन्झॉइल पेरॉक्साइड यांसारखी मलमे चालू आहेत, त्यांनी अल्कोहोलचे आफ्टरशेव्ह टाळून बिनवासाचा बाम वापरावा. पूर्ण दाढी राखणाऱ्याने ते केसांवर लावू नये. दाढीची कड आखताना वस्तरा जिथे फिरतो तेवढ्या भागापुरते लावावे.

ॲलर्जीचा धोका मसालेदार गंधांत इतर अनेक गंधांपेक्षा जास्त असतो, कारण त्यांची मुख्य द्रव्येच त्यासाठी ओळखली जातात: युजेनॉल, आयसोयुजेनॉल आणि दालचिनीतील सिनामाल्डिहाइड. युरोपात त्वचेवर राहणाऱ्या प्रसाधनात यांपैकी काहीही ०.००१ टक्क्यापेक्षा जास्त असले तर ते नावानिशी वेष्टनावर छापावे लागते. भारतात पुष्कळदा ‘पर्फ्यूम’ एवढाच शब्द दिसतो, म्हणून चाचणी घरीच करावी. कोपराच्या आतल्या बाजूला रुपयाएवढ्या जागी दिवसातून दोनदा, सलग आठवडाभर लावून पाहावे. लावताक्षणी चुरचुरणे ही ॲलर्जी नव्हे. एक-दोन दिवसांनी येणारी खाज, लाली आणि बारीक पुरळ ही तिची खूण आहे. लवंगेच्या किंवा दालचिनीच्या टूथपेस्टने ज्यांचे ओठ सुजतात त्यांनी चाचणीच्याही फंदात पडू नये.

बाटली विकत घेताना उत्पादनाची तारीख, मुदत, बॅच क्रमांक आणि उत्पादन परवाना क्रमांक पाहावा. छपाई पुसट असेल, बूच सैल असेल किंवा रस्त्यावर अविश्वसनीय स्वस्तात मिळत असेल तर घेऊ नये. अल्कोहोलच्या जागी काय भरले आहे ते वासावरून कळत नाही आणि चेहऱ्यावर प्रयोग करू नये. पहिल्यांदा वापरणाऱ्याने लहान बाटली घ्यावी. ती न्हाणीघरातल्या वाफेत आणि खिडकीच्या उन्हात न ठेवता कपाटात ठेवावी. उष्णतेने आणि प्रकाशाने संत्र्या-लिंबाचा वास आधी बिघडतो आणि टर्पेंटाइनसारखा येऊ लागतो. तसे झाले की बाटली टाकून द्यावी. लाकडी पॉलिश केलेल्या टेबलावर ती उघडू नये, सांडलेल्या थेंबाने लाखेचे पॉलिश विरघळून पांढरा डाग पडतो. लहान मुलांच्या हाती ती लागू नये, पोटात गेल्यास आफ्टरशेव्ह विषारी ठरते. आंतरराष्ट्रीय विमानप्रवासात बहुतेक विमानतळांवर हातातल्या सामानात १०० मिलीलिटरपेक्षा मोठी बाटली चालत नाही, मग ती अर्धी रिकामी असली तरीही.

जुन्या बाजारात किंवा आजोबांच्या कपाटात सत्तर-ऐंशीच्या दशकांतली आफ्टरशेव्हची बाटली सापडली तर तिचा वास जरूर घ्यावा, पण ती चेहऱ्याला लावू नये. त्या काळी अनेक कंपन्यांच्या आफ्टरशेव्हमध्ये मस्क अँब्रेट नावाची कृत्रिम कस्तुरी असे. ते लावून उन्हात गेल्यावर काही पुरुषांच्या गालांवर पुरळ उठून काळे चट्टे पडत. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस त्वचारोगतज्ज्ञांनी हे कारण शोधून काढले आणि पुढे युरोपात प्रसाधनांतील या कस्तुरीच्या वापरावर बंदी आली. बर्गमॉटच्या तेलामुळेही उन्हात असेच डाग पडतात. आता ते तेल त्यातील घातक घटक काढून वापरले जाते.

आजचे आफ्टरशेव्ह लावल्यावर आलेली लाली दोन दिवसांत गेली नाही, खाज वाढली किंवा कातडी काळवंडू लागली तर वापर ताबडतोब थांबवावा आणि त्वचारोगतज्ज्ञाकडे जावे. जाताना बाटली आणि खोके दोन्ही बरोबर न्यावीत, कारण पॅच टेस्टमध्ये कोणती द्रव्ये तपासायची हे डॉक्टरांना त्यावरूनच ठरवता येते.